लेकीचं नाव ‘त्विषा’ ठेवावं का?

‘माझी मुलगी दोन महिन्यांची आहे. तिचं नाव त्विषा ठेवावं असं मला आणि माझ्या नवऱ्याला मनापासून वाटतं. पण घरात प्रत्येकाचा वेगळा आक्षेप आहे. सासूबाईंना या नावात ‘विष’ ऐकू येतं. नवऱ्याचे मामा म्हणतात की मुलीचं नाव विषम अक्षरांचं असावं, हे तर दोनच अक्षरांचं आहे. माझ्या आईला पत्रिकेत निघालेल्या ‘ती’ या अक्षराची काळजी आहे. आणि बारशाला जी कानात नाव सांगणार ती माझी नणंद म्हणते, हा शब्दच खरा नाही, कुणीतरी हल्ली जुळवलेला आहे. इंटरनेटवर एका ठिकाणी अर्थ ‘प्रकाश’ दिलाय, दुसऱ्या ठिकाणी ‘दुर्गा’, तिसऱ्या ठिकाणी ‘तहान’. आता माझाही धीर खचत चाललाय. या नावाला खरंच काही अर्थ आणि आधार आहे का? आणि घरच्यांची नाराजी पत्करून ते ठेवावं का?’
– एक आई

सप्रेम नमस्कार.

तुमच्या लेकीला आधी खूप आशीर्वाद. नणंदेच्या शंकेपासून सुरुवात करते, कारण सगळ्यांत रास्त शंका तिचीच आहे. हल्ली कानाला गोड लागणारी दोन-तीन अक्षरं एकत्र करून नाव तयार होतं आणि मग त्याला कुठलातरी संस्कृत अर्थ चिकटवला जातो. आत्या होणाऱ्या बाईने ‘मी कानात नक्की काय सांगणार आहे?’ असं विचारलं, तर त्याचा राग मानू नका. तिला खरं उत्तर द्या, कारण या नावापुरतं ते भक्कम आहे.

संस्कृतात ‘त्विष्’ असा धातू, म्हणजे क्रियापदाचं मूळ रूप, आहे. धातुपाठात, म्हणजे धातूंच्या जुन्या यादीत, त्याचा अर्थ ‘दीप्तौ’ असा दिला आहे, म्हणजे तळपणे, चमकणे. त्याच रूपाचं एक स्त्रीलिंगी नाम आहे, त्विष्, म्हणजे तेज, प्रभा. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात प्रकाशाचे पर्यायी शब्द एका ओळीत गुंफले आहेत: ‘स्युः प्रभारुग्रुचिस्त्विड्भाभाश्छविद्युतिदीप्तयः’. संधी सोडवून ही ओळ सावकाश वाचा. प्रभा, रुची, छवी, द्युती, दीप्ती: यांतलं जवळजवळ प्रत्येक नाव आपल्याकडे मुलींना ठेवलेलं तुम्ही ऐकलं असेल. त्यांच्या मधोमध ‘त्विट्’ बसलेला आहे, तो याच त्विष् शब्दाचा प्रथमेचा आकार. बाकीच्या शब्दांची नावं होऊन लोकांच्या तोंडी रुळली, हा एक मागे राहिला, कारण व्यंजनाने संपणारा शब्द हाक मारायला अडतो. त्याच कोशात सूर्याच्या नावांमध्ये ‘त्विषांपति’ आहे, म्हणजे तेजांचा स्वामी.

मग त्विष् ची त्विषा कशी झाली? जशी दिश् ची दिशा झाली, निश् ची निशा झाली, वाच् ची वाचा झाली, तशी. भागुरी नावाच्या वैयाकरणाचं मत सांगणारी एक कारिका, म्हणजे नियमाचा श्लोक, व्याकरणाच्या विद्यार्थ्यांना पाठ असते. तिचा शेवटचा चरण आहे ‘यथा वाचा निशा दिशा’, आणि तिचा भाव असा की व्यंजनाने संपणाऱ्या स्त्रीलिंगी शब्दाला ‘आ’ लावलेला चालतो. तेव्हा नणंदेला सांगा, ‘दिशा’ खरा शब्द असेल तर ‘त्विषा’ही त्याच वाटेने आलेला आहे. शिवाय मूळ त्विष् चं तृतीयेचं एकवचनही ‘त्विषा’ असंच होतं, आणि त्याचा अर्थ ‘तेजाने’. संस्कृत काव्य वाचताना हा शब्द कुठे दिसला, तर तो बहुधा या दुसऱ्या अर्थाने असेल, एवढं लक्षात ठेवा, म्हणजे गोंधळ होणार नाही.

‘तहान’ हा अर्थ तृषा या वेगळ्या शब्दाचा आहे. कुणाच्या तरी कानांनी किंवा बोटांनी घोटाळा केलाय. आणि ‘दुर्गा’ हा अर्थ आधार न देता लिहिलेला असतो, तो धरून बसू नका. दुर्गेला तेजस्वी म्हणतात, म्हणून तेजाचा प्रत्येक शब्द दुर्गेचं नाव होत नाही.

इथवरचं कोश उघडला की मिळतं. पण तुम्ही ‘आधार’ असं विचारलंय, म्हणून आता मला या शब्दाची जी दोन ठिकाणं फार आवडतात, ती सांगते.

पहिलं माघ कवीच्या ‘शिशुपालवध’ या संस्कृत महाकाव्यातलं, पहिल्या सर्गाचा तिसरा श्लोक. श्रीकृष्ण द्वारकेत बसले आहेत आणि आकाशातून काहीतरी खाली येतंय. माघ एका श्लोकात ते दृश्य टप्प्याटप्प्याने उलगडतो. आधी दिसतो तो नुसता ‘चयस्त्विषाम्’, तेजाचा पुंजका. थोडं जवळ आल्यावर कळतं की याला शरीर आहे. आणखी जवळ, तेव्हा हातपाय वेगळे दिसू लागतात आणि हा पुरुष आहे हे उमगतं. शेवटी ओळख पटते, हे तर नारद. चार चरणांत नजर दुरून जवळ येते, आणि तिला सगळ्यांत आधी जे दिसलं त्यासाठी कवीने प्रभा किंवा दीप्ती न घेता त्विष् हा शब्द घेतला. मला तो तिथे फार नेमका वाटतो. प्रभा शांत असते, पसरलेली असते. त्विष् मध्ये हालचाल आहे.

ही हालचाल मी माझ्या मनाने घातलेली नाही. वेदात हा धातू नुसत्या चमकण्यापुरता नाही. खवळणं, उसळणं, आवेशाने पेटणं हेही त्यात येतं. आणि याचा पुरावा मराठी माणसाला कोशात शोधावा लागत नाही, तो आपल्या रोजच्या भाषेत आहे. ‘मावळे त्वेषाने तुटून पडले’ असं आपण म्हणतो. तो ‘त्वेष’ याच धातूचा. ऋग्वेदात मरुतांच्या, म्हणजे वादळी वाऱ्यांच्या गणाला ‘त्वेष’ म्हटलंय. रुद्राच्या सूक्तात तर ‘गृणीमसि त्वेषं रुद्रस्य नाम’ असं येतं, म्हणजे रुद्राच्या त्या तळपत्या, दरारा वाटणाऱ्या नावाचं आम्ही स्तवन करतो. विशेषण लागलंय ते नावाला, हे तुम्ही नाव शोधत असताना मुद्दाम सांगावंसं वाटलं.

दुसरं ठिकाण अथर्ववेदाच्या सहाव्या कांडातलं, अडतिसावं सूक्त. चारच ऋचा आहेत. तिथे शब्दाचं रूप ‘त्विषि’ असं आहे, आपल्या त्विषेची सख्खी बहीण. सूक्त सुरू होतं ‘सिंहे व्याघ्र उत या पृदाकौ’, म्हणजे सिंहात, वाघात आणि सापात जी त्विषि आहे, अग्नीत आहे, ब्राह्मणात आहे, सूर्यात आहे. मग ती कुठे कुठे आहे याची यादी वाढत जाते: हत्तीत, बिबट्यात, सोन्यात, पाण्यात, गाईंत, माणसांत, रथात, फाशांत, बैलाच्या बळात, वाऱ्यात, पावसाच्या देवात, ताणून बसवलेल्या दुंदुभीत, घोड्याच्या वेगात, माणसाच्या आरोळीत. आणि प्रत्येक ऋचेच्या शेवटी तेच मागणं येतं: जिने इंद्राला जन्म दिला ती भाग्यशाली देवी तेजासह आमच्याकडे येवो.

दुंदुभीवर थांबून बघा. चामडं ताणलेलं आहे, टिपरू अजून पडलेलं नाही, तरी त्यात काहीतरी दबा धरून आहे. त्यालाही त्विषि म्हटलंय. म्हणून ‘प्रकाश’ हा अर्थ चूक नसला तरी फार फिका आहे. तुम्हाला कुणी अर्थ विचारला तर ‘आतून उसळणारं तेज’ असं सांगा. आणि इंद्राची आई ती, ही कल्पना मला या नावाच्या बाबतीत सगळ्यांत मोलाची वाटते. पुराणातल्या कुणाची पत्नी किंवा कन्या अशी ओळख इथे नाही. देवांच्या राजाला जन्म देणारं बळ, अशी ओळख आहे.

आता सासूबाई. त्या ऋचेत सापही आहे, हे मी लपवलं नाही आणि तुम्हीही लपवू नका. पण साप तिथे विषासाठी आलेला नाही, फणा काढल्यावर समोरच्याला जी धडकी भरते त्यासाठी आलाय, सिंह आणि वाघाच्या शेजारी. ‘विष’ या शब्दाचा त्विषेशी काहीही संबंध नाही. तो परंपरेने ‘विष्’, म्हणजे व्यापणे, या धातूपासून सांगतात, आणि त्याच धातूपासून ‘विष्णु’ची व्युत्पत्तीही देतात. विष्णुसहस्रनाम म्हणताना कुणाच्या मनात विष येत नाही.

असं असलं तरी हे उत्तर घेऊन सासूबाईंकडे लगेच जाऊ नका. तुमच्या पत्रात एक गोष्ट मला ठळक दिसली: सासूबाईंनी दुसरं नाव सुचवल्याचं तुम्ही कुठेही लिहिलेलं नाही. म्हणजे त्यांना स्वतःचं नाव पुढे रेटायचं नाही. तान्ह्या नातीला लागणाऱ्या शब्दात काही अशुभ नको, एवढीच त्यांची भीती आहे. भीतीला व्युत्पत्ती सांगून उपयोग होत नाही. आधी त्यांना विचारा की हे नाव ऐकल्यावर नक्की काय मनात येतं. त्यांना बोलू द्या. मग त्या सूक्तातलं मागणं वाचून दाखवा, नुसता अर्थ नको, मूळ ओळही म्हणा: ‘सा न ऐतु वर्चसा संविदाना’. ज्या शब्दाला ऋषींनी ‘आमच्याकडे ये’ म्हटलंय, तो घरात आणायला हरकत नाही, हे त्यांना तुमच्या युक्तिवादापेक्षा लवकर पटेल असं मला वाटतं.

मामांचं म्हणणं बिनबुडाचं नाही. पारस्कर गृह्यसूत्रात, म्हणजे घरच्या संस्कारांच्या एका प्राचीन ग्रंथात, मुलीच्या नावाबद्दल ‘अयुजाक्षरमाकारान्तं स्त्रियै’ असं आहे: अक्षरं विषम, शेवटी ‘आ’. त्विषा शेवटच्या अटीत बसतं, पहिल्या अटीत बसत नाही. पण सीता, उमा, राधा, रमा, दुर्गा, गंगा ही सगळी दोन अक्षरांची नावं पिढ्यान्‌पिढ्या घराघरांत आहेत आणि त्यांना कुणी दोष दिलेला नाही. मामांशी हे तुमच्या नवऱ्याने बोलावं. सुनेने मामेसासऱ्यांना गृह्यसूत्र ऐकवलं तर गोष्ट नावाची राहत नाही.

आईच्या ‘ती’ बद्दल थोडक्यात. अवकहडा चक्रात, म्हणजे नक्षत्रावरून नावाचं अक्षर ठरवण्याच्या कोष्टकात, ‘ती’ हे विशाखा नक्षत्राच्या पहिल्या चरणाचं अक्षर, रास तूळ. नाव जोडाक्षराने सुरू होत असेल तर त्यातलं पहिलं व्यंजन धरायचं, असा ज्योतिषातला संकेत आहे. त्विषेत ते ‘त’ आहे, आणि त्याला लागलेला स्वर ‘इ’. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद तिथे बहुतेक जण पाहत नाहीत. म्हणजे आईचं अक्षर तुम्ही जवळजवळ पाळलेलंच आहे! तरीही तिला शंका राहिली तर पाळण्यातलं नाव वेगळं ठेवण्याची सोय आपल्याकडे आहेच. ते नाव निवडायचा मान सासूबाईंना द्या आणि ‘ती’ वरून निवडा असं सुचवा. दोघी आज्या त्यात गुंततील, आणि त्यांनी निवडलेलं नाव घरात खरोखर वापरा. नुसतं समजूत काढण्यापुरतं ठेवलेलं नाव त्यांच्या लगेच लक्षात येईल.

ज्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण मला विचार करावासा वाटतो, ते म्हणजे मुलीला हे नाव वागवायला कसं जाईल. मी बरीच वर्षं शाळेत संस्कृत शिकवलं आहे. वर्गात दुर्मीळ नावाची एक मुलगी होती. नवीन शिक्षक हजेरी घेताना तिच्या नावापाशी आले की क्षणभर थांबत, आणि ते नाव पूर्ण व्हायच्या आत ती ‘हजर’ म्हणून मोकळी होई. आपलं नाव कुणी मोडूतोडू नये म्हणून तिने काढलेली ती वाट होती. पुढे आठवीत सुभाषितांच्या तासाला तिच्या नावाचा शब्द एका ओळीत आला. मी तिलाच उभं करून अर्थ सांगायला लावला. त्यानंतर हजेरीला ती थांबायला लागली, नाव पूर्ण होऊ द्यायला लागली, आणि चुकलं तर दुरुस्त करायला लागली. नाव तेच होतं. त्याच्यामागे काय आहे ते तिला ठाऊक झालं होतं. तुमच्या मुलीला शाळेत जायच्या आधीच तिचं नाव समजावून सांगा. वाघ, सिंह, हत्ती आणि ढोल असलेलं सूक्त चार वर्षांच्या मुलीला गोष्टीसारखं सांगता येतं.

उच्चाराची फार धास्ती घेऊ नका. त्वचा, त्वरा, त्वरित, त्वेष हे शब्द शाळा न शिकलेला माणूसही बोलतो, त्यामुळे ‘त्व’ मराठी जिभेला नवा नाही. ‘ष’ बोलताना बहुतेक जण ‘श’च म्हणतात, उषा आणि मनीषा यांचंही तेच होतं. लिहिताना मात्र पोटफोड्या ‘ष’ सोडू नका. ‘त्विशा’ लिहिलं की शब्दाचं मूळच हरवतं. लहान मुलं तिला काही काळ ‘तिशा’ म्हणतील, म्हणू द्या.

एक करून बघा. पुढचे काही दिवस घरात बाळाला याच नावाने हाक मारा, दुसऱ्या खोलीतून, जरा मोठ्याने, घाईत असताना. नवऱ्यालाही मारू द्या. नणंद आली की तिलाही. शेवटी ‘आ’ असल्यामुळे हाक लांबवर जाते, ही या नावाची चांगली बाजू आहे. पण तुमच्याच तोंडात ते बसत नसेल, हाक मारताना दर वेळी अवघडल्यासारखं होत असेल, तर कितीही सुंदर अर्थ असला तरी सोडून द्या. बसलं, तर माझं मत स्पष्ट आहे: ठेवा. नाराजी पत्करून ठेवायची वेळ येईल असं मला तुमच्या पत्रावरून वाटत नाही. नणंदेला तिचं उत्तर मिळालंय, सासूबाईंशी एकदा निवांत बोलणं व्हायचंय, आणि बाकी दोघांचे आक्षेप मोडता घालण्याइतके मोठे नाहीत.

घाईही करू नका. जन्माची नोंद 21 दिवसांत व्हावी लागते, ती तुम्ही केलीच असेल, पण ती बाळाच्या नावाशिवायही होते. नाव पुढे 12 महिन्यांपर्यंत विलंब शुल्काशिवाय घालता येतं, त्यानंतरही नोंदणीपासून 15 वर्षांपर्यंत शुल्क भरून घालता येतं. मात्र एकदा लिहिलं की ते नीटच लिहिलेलं हवं. जन्म-मृत्यू नोंदणीच्या 1969 च्या कायद्यात 2023 मध्ये दुरुस्ती झाली, आणि 1 ऑक्टोबर 2023 पासून पुढे जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेश, पासपोर्ट, वाहन परवाना, मतदार यादी अशा कामांना जन्माचा दाखलाच जन्माचा पुरावा म्हणून धरला जातो. तिथे झालेली चूक पुढे प्रत्येक कागदावर उतरते.

त्विषा या नावात ती चूक व्हायला दोन जागा आहेत. रोमन लिपीत काही जण ‘टी’नंतर ‘डब्ल्यू’ लिहितात, काही जण ‘व्ही’. मी ‘व्ही’ घ्यायला सांगेन. ‘टी-डब्ल्यू’ दिसलं की वाचणारा बेधडक ‘ट्विशा’ म्हणतो आणि पुढे जातो. ‘टी-व्ही’पाशी तो अडखळतो, आणि अडखळला की विचारतो. काहीही घ्या, पण दोघांनी एकदा ठरवून दाखला, आधार कार्ड आणि शाळेचा अर्ज, सगळीकडे तेच ठेवा. दुसरी जागा देवनागरीची. संगणकावर रोमन अक्षरं टाकली की मराठी नाव पुष्कळदा आपोआप उमटतं आणि त्यात ‘त’ चा ‘ट’, ‘ष’ चा ‘श’ झालेला असतो. नोंदणी कार्यालयात जाताना कागदावर ठळक अक्षरांत ‘त्विषा’ लिहून न्या, टंकलेखन करणाऱ्यासमोर ठेवा, आणि छापण्याआधी पडद्यावरची दोन्ही नावं अक्षर अक्षर वाचून घ्या.